माझे बाण, बाईंच्या हजेऱ्या

मजुरांची गणितं शिकवण्यात आमच्या शाळेत माझा हात धरणारा कुणी नव्हता. हे माझंच म्हणणं नाही, गुलमंडीवरचे दुकानदारही तसंच म्हणायचे. पोरगं सातवीत गेलं की त्याला सरांच्या तुकडीत घाला, मजुराचं गणित पक्कं होतं, असं एकमेकांना सांगून माणसं हेडमास्तरांकडं वशिला लावायची. मग यमुनाबाई आल्या. या अंकाच्या संपादकांनी मला शिक्षकी पेशातले कृतार्थ क्षण लिहायला सांगितलं आहे. ते माझ्या सोबतच्या मास्तरांनी दरवर्षी पुष्कळ लिहिले आहेत. मी आपला माझ्या जळफळाटाबद्दल लिहितो, कारण त्यातलं मला जास्त कळतं.

शाळा सुटल्यापासून ज्यांनी गणिताचं तोंड पाहिलं नाही त्यांच्यासाठी आधी थोडं सांगावं लागेल. एक डझन केळ्यांना इतके पैसे, तर तीन डझनांना किती, हे सोपं असतं. केळी वाढली की पैसे वाढतात. याला सम प्रमाण म्हणतात आणि ते पोरांना न शिकवताच येतं. पण बारा मजूर एक काम पंधरा दिवसांत करतात, तर तेच काम वीस मजूर किती दिवसांत करतील, असं विचारलं की निम्मा वर्ग बेधडक पंचवीस दिवस सांगून मोकळा होतो. मजूर वाढले म्हणून त्यांनी दिवसही वाढवलेले असतात. इथं एक वाढलं की दुसरं कमी होतं, हे व्यस्त प्रमाण. पोरांना ते समजत नाही असं नाही, तोंडी विचारलं तर बरोबर सांगतात. पेन्सिल हातात आली की मात्र हात जुन्याच वाटेनं चालू लागतो.

यावर माझी रीत बाणांची. फळ्यावर डावीकडं मजूर, उजवीकडं दिवस. मजूर बाराचे वीस झाले, म्हणजे वाढले, तिथं तांबड्या खडूनं वर जाणारा बाण. मग वर्गाला विचारायचं, “दिवस वाढतील का कमी होतील?” वर्ग ओरडायचा, “कमी!” की हिरव्या खडूनं खाली जाणारा बाण. दोन्ही बाण एका दिशेला असले तर सम आणि उलट दिशेला असले तर व्यस्त. व्यस्त असेल तर एका बाजूचा अपूर्णांक उलटा करून मांडायचा, आणि उत्तर येतं नऊ. ही रीत मला ट्रेनिंगला असताना मिळाली, पण रंगीत खडू माझे स्वतःचे. शाळा पांढरेच खडू द्यायची. रंगीत मी पदरचे आणायचो आणि कपाटात कुलूप लावून ठेवायचो. तास संपल्यावरही तो फळा पुसायला पोरांचा हात धजत नसे.

सातवीच्या शिष्यवृत्ती परीक्षेसाठी सकाळी, शाळा भरायच्या आधी, एक जादा वर्ग चालायचा. दोन्ही तुकड्यांतली निवडक पोरं त्यात बसायची. त्याचं जादा काही मिळत नसे. पण तो वर्ग ज्याच्याकडं, तो शाळेचा गणिताचा मास्तर. बाकीचे नुसते तास घेणारे. पालक सायकलवरून उतरून मला नमस्कार करायचे ते त्या वर्गामुळं. निवृत्त होईपर्यंत तो आपल्याकडंच राहावा, याहून मोठी इच्छा मला त्या काळी नव्हती. ती खोटी कशाला सांगू?

यमुनाबाई बहात्तर सालच्या जूनमध्ये आल्या. त्यांचं माहेर वेरूळच्या अलीकडचं, मेंढरांमागं फिरणारं. सासर हर्सूलचं. डी.एड. झालेल्या, उंच, सावळ्या, आवाज असा की मैदानाच्या त्या टोकाला ऐकू जावा. आम्ही पाचोडकडचे, बैलबारदान्याचे शेतकरी, पण शहरात येऊन मी माझी बोली घासूनपुसून स्वच्छ करून घेतली होती. बाई मात्र वर्गातसुद्धा खुशाल ‘लई’ आणि ‘नाय’ म्हणायच्या. मी स्टाफरूममध्ये नाक मुरडलं. हेडमास्तर रंगनाथरावांनी त्यांना सातवी ब आणि सहावीच्या दोन्ही तुकड्यांचं गणित दिलं. सातवी अ माझी होतीच. अ मध्ये न मावलेली पोरं ब मध्ये जायची, त्यामुळं मला काळजी करण्यासारखं काही वाटलं नाही.

पहिला धक्का मला भिंतीतून बसला. अ आणि ब च्या मध्ये लाकडी फळ्यांचं पार्टिशन होतं, पलीकडचा शब्दन्‌शब्द ऐकू यायचा. मी इकडं बाण काढत होतो आणि तिकडून बाईंचा आवाज आला, “बारा मजूर, पंधरा दिस. हजेऱ्या किती झाल्या?” सगळा वर्ग म्हणाला, “एकशे ऐंशी!” “आता गडी किती आले?” “वीस!” “मंग वाटून टाका.” “नऊ!” माझा हिरवा बाण अजून अर्धाच झाला होता.

आमच्याकडं मजुराच्या एका दिवसाच्या कामाला, आणि त्याच्या मजुरीलाही, हजेरी म्हणतात. बाईंची सगळी रीत एवढीच, की आधी काम किती हजेऱ्यांचं आहे ते काढायचं आणि मग जितकी माणसं असतील तितक्यांत वाटायचं. वर-खाली काही नाही, उलटंपालटं काही नाही. सम का व्यस्त हा प्रश्नच उरत नाही. ही रीत चुकीची आहे असं मी त्या रात्री जेवताना बायकोला, विजूच्या आईला, पटवून द्यायला लागलो. ती वाढता वाढता म्हणाली, “उत्तर बरोबर येतं ना?” मी म्हणालो, “उत्तर येतं, पण त्यात तत्त्व कुठं आहे?” तिनं मला आणखी एक भाकरी वाढली आणि विषय संपवला.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत मी बाईंना सहज विचारल्यासारखं विचारलं, की ही रीत कोणत्या पुस्तकातली.

“पुस्तकातली नाय सर,” बाई डबा उघडत म्हणाल्या. “आमची मेंढरं लोकांच्या रानात बसायची ना खतासाठी. रान तेवढंच. दोन कळप बसले तर जास्त राती, चार बसले तर कमी राती. माझा बा म्हनायचा, ह्या रानाला इतकं खत पायजे, आता कळप बघून राती सांगा. तवाच कळलं ते.”

मेंढरं आमच्याही रानात बसत. दर उन्हाळ्यात धनगर यायचे, माझे वडील त्यांच्याशी रात्री ठरवायचे, मी तिथंच बाजेवर बसलेला असायचो. तो हिशोब माझ्या कानांवरून शंभरदा गेला असेल आणि मला त्यात मेंढरांच्या वासाशिवाय काही सापडलं नव्हतं. रान आमचं, आणि गणित ती घेऊन गेली! त्या दिवशी माझ्या पोटात जे दुखायला लागलं ते पुढं वर्षभर राहिलं.

याच सुमाराला माझ्या वर्गात एक गंमत झाली. बाहेरच्यांना सांगायला हरकत नाही, ही गणितं घालताना मास्तर उत्तर आधी ठरवतो आणि मागं जात आकडे बसवतो, म्हणजे भागाकार बिनबोभाट जातो. त्या दिवशी माझं लक्ष पार्टिशनपलीकडं होतं. मी तोंडाला आले ते आकडे घातले. दहा मजूर विहिरीचं काम सहा दिवसांत करतात, तर आठ दिवसांत करायला किती मजूर? उत्तर आलं साडेसात. मी खडू हातात धरून अर्ध्या मजुराकडं बघत राहिलो. तेवढ्यात मागून एक पोरगं म्हणालं, “बराबर हाये सर. सात गडी आन्‌ एक बाई.”

मी ते स्टाफरूममध्ये रंगवून सांगितलं. सगळे पोट धरून हसले. बाई हसल्या नाहीत. त्या म्हणाल्या, “त्याच्या आईला अर्धी हजेरी भेटत असंल.” माझ्या किश्श्याची हवाच गेली. मला त्या मुलाच्या आईबद्दल वाईट वाटायला हवं होतं. मला वाईट वाटलं ते माझ्या किश्श्याचं.

आता विजूबद्दल सांगतो. विजू माझी मुलगी, त्या वर्षी सातवीत होती. बापाच्या तुकडीत मुलगी नको, असा रंगनाथरावांचा शिरस्ता होता, म्हणून ती ब मध्ये होती. एका संध्याकाळी ती ओसरीवर अभ्यास करत बसली होती. मी मागून डोकावलो तर पान भरून हजेऱ्या.

“बाण कुठंयत?” मी विचारलं.

“बाण नाही लागत, अप्पा.”

“बाईंनी सांगितलं का तसं?”

“नाही. बाईंनी बाणांचं काहीच नाही सांगितलं. लागतच नाहीत.”

मला चीड आली. मी म्हटलं बघू, आणि तिला तीन गोष्टींचं गणित घातलं. बारा मजूर रोज आठ तास काम करून पंधरा दिवसांत काम संपवतात, तर वीस मजूर रोज सहा तास काम करून किती दिवसांत संपवतील? अशा गणिताला तांबडे, हिरवे मिळून तीन बाण लागतात आणि भली भली पोरं तिसऱ्या बाणाला आपटतात. मी माझीच पोरगी अडावी म्हणून वाट बघत उभा होतो. विजूनं क्षणभर पेन्सिल चावली आणि म्हणाली, “हजेरीचे तास करायचे.” मग गुणाकार, भागाकार आणि बारा दिवस. वर मला विचारते कशी, “आणखी अवघड आहे का, अप्पा?”

दिवाळीनंतर दुष्काळ अंगावर आला. खेड्यांतून माणसं सरकारी कामांवर जाऊ लागली, रस्ते, पाझर तलाव, खडी फोडणं. वर्गात निम्म्या पोरांचे आईबाप कामावर होते. माझ्या तुकडीत कौसा नावाची एक मुलगी होती, हर्सूलच्या पलीकडच्या वस्तीवरची. मी तिला फळ्यापाशी बोलावून विचारलं, “वीस मजूर एक रस्ता पंधरा दिवसांत करतात, तर तीस मजूर किती दिवसांत?” तिनं तांबडा बाण वर काढला. मग हिरवा घेतला आणि तोही वर काढला.

“दिवस वाढतील?” मी विचारलं.

“व्हय सर. लई वाढत्यात.”

मी तिला पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. चाचणीतही तिनं तेच लिहिलं आणि मी शून्य दिलं. शिष्यवृत्तीचं वर्ष, तुकडीचा निकाल खाली जायला नको, म्हणून मी रंगनाथरावांना सांगून तिला ब मध्ये पाठवून दिलं.

त्यानंतर तपासणीला इन्स्पेक्टरसाहेब आले. रंगनाथरावांनी मला त्यांच्याबरोबर फिरायला सांगितलं. माझ्या वर्गात साहेबांनी रंगीत फळा पाहिला, मान डोलावली. मग ब मध्ये गेले. दुष्काळाचेच दिवस, त्यांनाही मजूरच सुचले. त्यांनी आकडेही नेमके तेच घेतले, वीस मजूर, पंधरा दिवस, तर तीस मजूर? आणि बोट केलं कौसाकडं. खरं सांगतो, मला बरं वाटलं. म्हटलं आता बाईंची फजिती बघायला मिळेल.

कौसा उभी राहिली. “साहेब, पुस्तकातल्या मजुरांचं सांगू का कामावरल्या?”

साहेब हसले. “दोन्ही सांग.”

“पुस्तकातले धा दिवसात करत्यात. तीनशे हजेऱ्या हायेत, तीस जनांत वाटायच्या.”

“आणि कामावरचे?”

“त्यांला लई दिवस लागत्यात. मानसं वाढली की मुकादम म्हंतो, दमानं घ्या. काम सरलं तर उद्याच्याला जायचं कुठं?”

साहेब हसता हसता थांबले. “मग पेपरात कुठलं लिहायचं, हे कसं कळणार तुला?”

“बाईनं सांगितलंय. गनिताच्या आधी एक वळ लिवायची. समदे मजूर सारखंच काम करत्यात आन्‌ कुनी थांबत नाय. ती वळ लिवली की मंग पुस्तकातलं उत्तर.”

साहेबांनी बाईंकडं पाहिलं आणि ते खुर्चीवर बसले. माझ्या वर्गात ते बसले नव्हते. पुढचा अर्धा तास ते ब तुकडीतच होते, आणि मी दारात उभा.

आजही मी त्या चाचणीत कौसाला शून्यच देईन. उत्तर चूक होतं, चुकीला गुण नसतात. पण ती ओळ! सगळे मजूर सारखंच काम करतात असं धरल्याशिवाय हे गणित सुटूच शकत नाही. इतकी वर्षं मी ते न सांगता धरत आलो होतो आणि कुठल्या पुस्तकातही ते लिहिलेलं नव्हतं. ती ओळ मला सुचायला हवी होती. पोरगी माझ्या वर्गातली होती, प्रश्न माझा होता, फक्त तिला ‘का?’ म्हणून विचारायचं राहिलं आणि ते बाईंनी विचारलं. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

साहेब गेल्यावर रंगनाथरावांनी मला खोलीत बोलावलं. ते निजामाच्या काळात उर्दूतून शिकलेले. पोलीस ॲक्शननंतर सगळं मराठी झालं तरी मनातल्या मनात बेरीज उर्दूतच करायचे, आणि महत्त्वाचं बोलताना तीच भाषा तोंडात यायची.

“मास्तर,” ते म्हणाले, “साहेब बाईंची फार तारीफ करून गेले. म्हणतात, सकाळचा वर्ग त्यांना द्या.”

मी म्हणालो, “त्यांना येऊन वर्षसुद्धा नाही झालं.”

“म्हणूनच म्हणतो, इन्साफानं ठरवू. सकाळचा वर्ग दोन्ही तुकड्यांना तुम्हीच घेता, तो सारखाच. तेव्हा फरक पडला तर तुकडीच्या मास्तरामुळं पडला. ज्याच्या तुकडीची पोरं शिष्यवृत्तीच्या यादीत जास्त, त्याला पुढच्या सालचा वर्ग. शर्त मंजूर?”

मी मंजूर म्हणालो. अ तुकडीत हुशार पोरांची भरती होती, मला जिंकायला काही अडचण नव्हती. बाईंना मी सांगतो, असं रंगनाथराव म्हणाले. बाहेर पडून जिना उतरताना माझ्या ध्यानात आलं की विजू ब तुकडीत आहे.

त्यानंतरचे महिने मी कसे काढले ते माझं मला माहीत. ज्याची मुलगी परीक्षेला बसते त्या बापानं देवाला काय मागायचं हे ठरलेलं असतं. मी देवासमोर हात जोडायचो आणि गप्प उभा राहायचो. विजू पास झाली तर ती संख्या बाईंच्या बाजूला पडणार. ती नापास व्हावी असं माझ्या मनात एकदाही आलं नाही, पण ती अ मध्ये असती तर, हे रोज आलं. अ च्या पोरांना मी सुट्टीच्या दिवशीही घरी बोलवायचो. विजू त्यांच्यासाठी पाणी आणून द्यायची आणि माझ्या फळ्याकडं बघून आत निघून जायची. तिची आई एकदा म्हणाली, “लोकांच्या पोरांना शिकवता, तिलाही बसवा की.” मी म्हणालो, “तिला लागतच नाहीत बाण.” हे बोलताना माझा आवाज चढला होता, असं विजूच्या आईचं म्हणणं आहे.

वर्गावरून बाईंना मी काही बोललो नाही, पण त्यांचं सगळं मला सलू लागलं. त्यांची पोरं मधल्या सुट्टीत त्यांच्याभोवती गोळा व्हायची. माझी पोरं मला नमस्कार करून बाजूला सरकायची. पूर्वी मला तो मान वाटायचा. बाई चुकल्या की वर्गासमोर कान पकडायच्या आणि पोरं हसायची. मी चुकलो की पोरं वहीत मान घालायची. एकदा मी पार्टिशनला कान लावून उभा होतो आणि अचानक शांतता झाली. फटीतून पाहिलं तर बाई शेवटच्या बाकावर पोरांत बसल्या होत्या आणि एक मुलगी त्यांना शिकवत होती. ही कुठली रीत, असं मी मनाशी म्हणालो. आणि मी जन्मात कधी तसं केलं नसतं, म्हणूनच मला बाईंचा हेवा वाटला.

निकाल वर्तमानपत्रात यायचा. जूनमध्ये तो आला तेव्हा विजूच्या आईनं गल्लीतून धावत येऊन माझ्या हातात पेपर दिला. मी आधी विजूचं नाव शोधलं. होतं. मी तिला जवळ घेतलं, पाठीवरून हात फिरवला, डोळ्यांत पाणी आलं, ते खोटं नव्हतं. तिची आई साखर आणायला आत गेली. मी तिची वाट बघता बघता बाकीची नावं मोजून घेतली. अ मधली माझी, ब मधली बाईंची. बाईंचं एक नाव जास्त होतं. विजू नसती तर बरोबरी झाली असती. विजूच्या आईनं माझ्या तोंडात साखर घातली तेव्हा ती मला कशी लागली हे मी तिला आजवर सांगितलेलं नाही. ती हे वाचेल, वाचू दे.

कौसाचं नाव यादीत नव्हतं. ती परीक्षेला बसलीच नव्हती. त्या दिवसांत ती आईबरोबर कामावर जात होती, असं बाईंनी पुढं कधीतरी सांगितलं.

शाळा उघडली त्या दिवशी रंगनाथरावांनी आम्हां दोघांना खोलीत बोलावलं. मी सदरा इस्त्री करून गेलो होतो. हरायचं तर नीट हरावं.

“बाई,” रंगनाथराव म्हणाले, “मुबारक हो. सकाळचा शिष्यवृत्तीचा वर्ग या वर्षीपासून तुमच्याकडं.”

बाईंनी माझ्याकडं पाहिलं, मग त्यांच्याकडं. “मला कशाला?”

“शर्त होती ना. तुमच्या तुकडीचे जास्त आले.”

“कुठली शर्त सर?”

रंगनाथरावांनी कपाळावर हात मारला. सांगतो म्हणाले होते आणि दुष्काळाच्या गडबडीत विसरून गेले होते. म्हणजे इतके महिने मी एकटाच पळत होतो, आणि जी माझ्या पुढं गेली तिला शर्यत आहे हेच ठाऊक नव्हतं.

“असो,” रंगनाथराव म्हणाले, “आता घ्या वर्ग.”

“नाय जमायचं सर,” बाई म्हणाल्या. “सकाळच्याला म्हशीची धार असती. ती दुसऱ्या कुनाला हातच लावू देत नाय.”

रंगनाथराव एवढ्या मोठ्यानं हसले की शिपाई डोकावून गेला. मी हसलो नाही. ज्या वर्गासाठी मी इतके महिने झोप घालवली, मुलीच्या यशावर मन भरून खूश झालो नाही, तो वर्ग बाईंनी एका म्हशीपायी नको म्हटला होता. त्या म्हशीचाही मला राग आला.

“सरांकडंच राहू द्या,” बाई जाता जाता म्हणाल्या. “सर लई चांगलं शिकवत्यात. बाण तर काय सुरेख काढत्यात.”

त्यात टोमणा असता तर मी परतवला असता. नव्हता. त्यांना माझे बाण खरोखरच आवडत होते. मी त्यांचं कधी काही चांगलं म्हटलं नव्हतं, आणि त्यांनी ते सहज, दार लोटता लोटता म्हटलं. हर्सूलच्या बसची वेळ झाली होती आणि त्या पिशवी सावरत गेल्या.

अशा रीतीनं तो वर्ग माझ्याकडंच राहिला. पुढच्या आठवड्यात पहिला तास. मी नवे खडू आणले होते. सगळी पोरं नवीन, सहावीतून वर आलेली. मी फळ्यावर गणित लिहिलं, अठरा मजूर एक बांध दहा दिवसांत घालतात, तर पंधरा मजूर किती दिवसांत घालतील? लिहून मी तांबडा खडू काढायला खिशात हात घातला. तेवढ्यात मागून आवाज आला, “बारा.” मग दुसरा, तिसरा. मी वळून पाहिलं. सगळ्यांच्या पाट्यांवर हजेऱ्या होत्या, त्याच्या वर बाईंची ती ओळ होती, आणि खाली उत्तर. सहावी अ आणि सहावी ब, दोन्हींचं गणित बाईंकडं होतं हे माझ्या तेव्हा ध्यानात आलं.

“बाण कुठंयत?” मी विचारलं.

पोरांनी एकमेकांकडं पाहिलं. पहिल्या बाकावरची एक मुलगी अदबीनं उभी राहिली. “ते पन काढू का, सर? बाई म्हणाल्या व्हत्या, सरांना बाण आवडत्यात.”

“काढ,” मी म्हणालो आणि माझे खडू वाटले.

तिनं काढले, बाकीच्यांनीही काढले, मजूर कमी म्हणून तांबडे खाली आणि दिवस जास्त म्हणून हिरवे वर, आणि मग सगळ्यांनी पाट्या माझ्याकडं वळवून धरल्या. निवृत्त होईपर्यंत तो वर्ग माझ्याकडं होता. दर जूनला नवी पोरं यायची, आधी उत्तर काढायची आणि मग माझ्यासाठी बाण.